उपचार सुरू नाहीत, मग घर आताच विकायचं का?

प्रश्न: माझ्या यजमानांचं वय ७१, माझं ६६. नेहमीच्या रक्ततपासणीत त्यांच्या पांढऱ्या पेशी वाढलेल्या दिसल्या आणि पुढे क्रॉनिक लिम्फोसायटिक ल्युकेमिया, म्हणजे सीएलएल हा रक्ताचा कॅन्सर, निघाला. त्रास काही नाही. डॉक्टर म्हणतात, आत्ता औषध नको, दर तीन महिन्यांनी दाखवा. यजमानांना मात्र राहतं घर विकून आणि सगळ्या गुंतवणुकी मोडून पैसा बचत खात्यात ठेवायचा आहे. मग आम्ही मुलाकडे राहायचं. हे बरोबर आहे का?

उत्तर: ताई, घर विकू नका. या कारणासाठी आत्ता तर नाहीच.

यजमानांची घालमेल समजते. कॅन्सर आहे म्हणायचं आणि औषध द्यायचं नाही, हे कुणाच्याही गळी उतरणं अवघड. पण डॉक्टर हयगय करत नाहीत. सुरुवातीच्या टप्प्यात, काही त्रास नसताना केमोथेरपी दिली म्हणून आयुष्य वाढत नाही, हे अभ्यासांत दिसून आलं आहे. हा आजार मुळात उतारवयातला. बहुतेकांना तो सत्तरीच्या आसपास कळतो आणि साधारण तिघांतल्या एकाला उपचार कधी लागतच नाहीत. ज्यांना लागतात त्यांनाही सहसा आधी चाहूल मिळते: हिमोग्लोबिन किंवा प्लेटलेट घसरतात, गाठी वाढतात, वजन उतरतं, रात्री घामाने कपडे भिजतात. अक्यूट मायलॉइड ल्युकेमिया, म्हणजे झपाट्याने वाढणारा रक्ताचा कॅन्सर, असता तर मी वेगळं लिहिलं असतं. तिथे काही दिवसांत निर्णय घ्यावा लागतो आणि खर्च लगेच अंगावर येतो. तुमच्याकडे वेळ आहे. घर विकायची पाळी आलीच तर तेव्हा चांगला भाव बघून विकता येईल.

उपचार लागले तर मुख्यतः दोन वाटा आहेत आणि पैशाच्या दृष्टीने त्यांत फार फरक आहे. पहिलीत व्हेनेटोक्लॅक्सच्या गोळ्या आणि शिरेतून दिलं जाणारं ओबिनुटुझुमॅब. साधारण १२ महिन्यांत हे संपतं. दुसरीत इब्रुटिनिब, अकॅलाब्रुटिनिब किंवा झानुब्रुटिनिब यांपैकी एक औषध रोज घ्यायचं, ते लागू पडतंय आणि सोसतंय तोवर. म्हणजे कित्येकदा वर्षानुवर्षं. पहिला खर्च मोठा, पण मोजता येण्याजोगा. दुसरा घरभाड्यासारखा दर महिन्याला येत राहतो. वाट निवडताना डॉक्टर मूत्रपिंड, हृदय आणि कॅन्सरच्या पेशींतले १७पी डिलिशन व टीपी५३ हे जनुकीय बदल यांच्या तपासण्या बघतात. त्यामुळे आत्ताच ठरणार नाही, पण पुढच्या भेटीत विचारा: आज उपचार लागले असते तर तुमचा कल कुठे असता, आणि त्याच औषधाचं जेनेरिक मिळतं का? या दोन उत्तरांशिवाय कुठलाही आकडा धरून बसणं म्हणजे अंधारात हिशेब मांडणं.

आता विमा, कारण घराइतकाच तोही जपायला हवा. आरोग्य विम्याचा हप्ता एकही चुकवू नका. या निदानानंतर नवी पॉलिसी मिळणं कठीण. रुग्णालयात दाखल न होता घरी घ्यायच्या गोळ्यांचे पैसे मिळतात का, हे कंपनीकडून लेखी घ्या. सीएलएलचा मोठा खर्च तिथेच असतो आणि अनेक पॉलिसी नेमक्या तिथेच हात आखडतात. गंभीर आजाराची वेगळी पॉलिसी असेल तर तिच्या अटी वाचा. अशा अनेक पॉलिसींत राय पद्धतीच्या (आजार किती पुढे गेला हे टप्प्यांत मोजायची पद्धत) तिसऱ्या टप्प्याआधीचं सीएलएल वगळलेलं असतं. आज दावा नाकारला गेला तरी पॉलिसी चालू ठेवा, पुढे टप्पा बदलू शकतो.

सगळा पैसा बचत खात्यात ठेवणंही मला पटत नाही. दहा-पंधरा वर्षं पुरवायचा पैसा महागाई खाऊन टाकेल. एक वर्षाचा घरखर्च आणि अचानक रुग्णालयात जावं लागलं तर लागणारी रक्कम हाताशी असू द्या. या आजारात प्रतिकारशक्ती कमी होते, त्यामुळे न्यूमोनियासारखा संसर्ग पूर्वसूचना न देता येऊ शकतो. क्वचित आजार एकाएकी आक्रमक रूपही घेतो. त्याशिवाय वर्षभराच्या उपचारांइतकी रक्कम सुरक्षित ठेवींत, मुदती पुढेमागे ठेवून. उरलेलं आहे तिथेच राहू द्या. डॉक्टरांना विचारून लसी घ्या, त्यावरचा खर्च टाळू नका; जिवंत लसी, म्हणजे कमजोर केलेले जिवंत जंतू असलेल्या लसी, मात्र यजमानांना चालत नाहीत. आणि या मधल्या काळात रक्त शुद्ध करून देतो म्हणणारे भेटतील, त्यांना एक पैसाही देऊ नका.

तुमच्या पत्रात तुमच्याबद्दल एक ओळही नाही, याची मला काळजी वाटते. घर विकलं तर यजमानांच्या आजाराची किंमत पुढची वीस-पंचवीस वर्षं तुम्ही मोजणार. मुलगा चांगलाच असेल. तरी स्वतःचं छप्पर असलेली आई आणि नसलेली आई यांना निर्णय घेताना सारखी मोकळीक नसते. घराच्या कागदांवर तुमचं नाव नसेल तर वकिलाला विचारून ते लावून घ्या. खाती संयुक्त करा, नामनिर्देशन तपासा, मृत्युपत्र करा. यजमानांची प्रकृती उत्तम असतानाच हे उरकायचं. त्यांना काहीतरी करायचंच आहे ना, तर ही कामं त्यांच्याच हाती द्या.

ज्या भेटीत डॉक्टर 'आता सुरू करूया' म्हणतील, त्या वेळी दोन्ही वाटांच्या खर्चाचा लेखी अंदाज मागा आणि मला पुन्हा लिहा. दरमहाचा खर्च व्याज आणि पेन्शन मिळून झेपत नसेल, तर घराचा विषय तेव्हा काढू. तेव्हाही आधी मोठं घर देऊन लहान घेता येतं का, हे पाहू.