शाफी नेमका कोण?

प्रश्न : आमचे मामा नोकरीमुळे पुण्यात राहिले. ते गेल्यावर सामानात एक डच एलपी निघाली, वर नाव रामसेस शाफी. कुणी सांगतं हा सिनेमातला नट, कुणी म्हणतं हिप्प्यांचा गायक. खरं काय? आणि तबकडीवर बुरशी आलीय, ती कशी काढू?
— एक वाचक, अमळनेर

उत्तर : ताई, पहिली विनंती, ती तबकडी भंगारात देऊ नका.

सिनेमात शाफीची कामं किरकोळच. चित्रपटात नशीब काढायला तो १९६० मध्ये रोमला गेला, पण तिथे काही जमलं नाही. त्याआधी आम्स्टरडॅमच्या रंगभूमीवर मात्र तो १९५५ पासून होता. वडील इजिप्तचे राजदूतखात्यातले, आई पोलिश, जन्म १९३३ चा पॅरिसजवळचा. वाढला हॉलंडात, लायडनला, परक्यांच्या घरी.

मला भावतो तो १९६४ नंतरचा शाफी. ‘शाफी शांतां’ नावाच्या कार्यक्रमात तो आणि लीसबेथ लिस्ट गाऊ लागले. त्याच सुमारास आम्स्टरडॅममध्ये प्रोव्हो या बंडखोर चळवळीची पोरं सगळ्यांसाठी फुकट पांढऱ्या सायकलींची मागणी करत होती, आणि १९६८ मध्ये एका जुन्या प्रार्थनागृहात ‘पॅराडिसो’ हे तरुणांचं संगीतघर उघडलं. शाफी या पोरांहून वयाने मोठा, त्याचं गाणं पियानोवरचं. त्याला हिप्पी म्हणणं मला पटत नाही. पण वारा तोच होता. त्याने कार्यक्रमासाठी दालन घेतलं ते फेलिक्स मेरिटिस या इमारतीत, जिथे डच कम्युनिस्ट पक्षाचं बस्तान होतं! पुढे त्या जागेला शाफी थिएटर हेच नाव पडलं. त्याच्या साथीदारांतला टाइस फान लीअर नंतर ‘फोकस’ या रॉक बँडमधून जगभर गाजला.

तुमच्या एलपीवर १९७१ चं, ‘झिंग, फेख्त, हाउल, बिद’ असं नाव सुरू होणारं गाणं आहे का, बघा. काचेआड दडून बसलेल्यांना, एकटे पडलेल्यांना तो हाका मारतो : गा, लढ, रड, प्रार्थना कर, हस. आपल्याकडे वहीगायनात डफाच्या ठेक्यावर सगळे मिळून ओळ उचलतात, तसं हे गाणं डच माणसं आजही एकत्र म्हणतात. मी ते ऐकलं की मला बसवत नाही.

पुढे शाफी रजनीशांचा अनुयायी झाला. आश्रम १९७४ पासून कोरेगाव पार्कात, युरोपातून माणसांची रीघ. तुमची तबकडी अशाच कुणाच्या पिशवीतून पुण्यात उतरली असावी, असा माझा कयास. शाफी २००९ मध्ये आम्स्टरडॅमला वारला.

आता बुरशी. इन्व्हर्टरच्या बॅटरीत घालतात ते डिस्टिल्ड वॉटर आणा. त्यात भांड्याच्या साबणाचा एखादाच थेंब, आणि मऊ सुती फडक्याने रेघांच्या दिशेने गोल पुसा, आडवं घासू नका. मधला कागद कोरडा राहू द्या. मग नुसत्या त्याच पाण्याने पुन्हा पुसून सावलीत वाळवा. पत्र्याखालच्या माळ्यावर ती ठेवू नका, आपल्या वैशाखात तबकडी वाकते. कपाटात उभी ठेवा.