नातू कॅप्टन झाला, पण कुठला?

प्रश्न : आम्ही इंदूरच्या रामबागेतले. भाच्याला एका मोठ्या हॉटेलात 'कॅप्टन' म्हणून नोकरी लागली, आईने लगेच पेढे वाटले आणि नातू कॅप्टन झाला म्हणून अख्ख्या गल्लीत सांगून आली. आता समोरचे रिटायर्ड फौजी काका रोज विचारतात, पोस्टिंग कुठे, रेजिमेंट कोणती! क्रिकेटमधेही कॅप्टन, विमानातही कॅप्टन, मग खरा कॅप्टन कोणता हो?
– एक मावशी

उत्तर : मावशी, सगळेच खरे. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ डोकं, म्हणजे चार माणसांच्या डोक्यावर जो तो कॅप्टन, मग ती माणसं बंदूकवाली असोत की ट्रेवाली. घोळ होतो तो हुद्द्याचा. आर्मीतला कॅप्टन म्हणजे खांद्यावर तीन स्टार, तसा तरुण ऑफिसर, पण नेव्हीतला कॅप्टन थेट आर्मीच्या कर्नलच्या बरोबरीचा, त्यामुळे फौजी काकांसमोर हे दोन एकात एक करू नका, तासभर ऐकावं लागेल. विमानात चार पट्ट्यावाला कॅप्टन, शेजारचा तीन पट्ट्यावाला फर्स्ट ऑफिसर. आणि आपल्याकडचे हिंदी पेपर तर एसपीलाही 'पुलिस कप्तान' म्हणतात.

क्रिकेटचा कर्णधार मात्र जहाजावरून आलाय. कर्ण म्हणजे सुकाणू, ते धरणारा तो कर्णधार, महाभारतातल्या कर्णाचा काही संबंध नाही (मलाही शाळेत तसंच वाटायचं).

आता आपल्या इंदूरची गंमत. इथे एकाच माणसात दोन्ही कॅप्टन होते, सी. के. नायडू! १९२३ मधे होळकर महाराजांनी त्यांना नागपूरहून बोलावून घेतलं, आपल्या फौजेत कॅप्टन केलं, पुढे कर्नलही. मग १९३२ मधे लॉर्ड्सवर भारताची पहिली टेस्ट झाली तिथेही कॅप्टन हेच, आणि ते कसे, तर दौऱ्याचे कॅप्टन होते पोरबंदरचे महाराज, व्हाइस कॅप्टन लिंबडीचे राजपुत्र, पण टेस्टला दोघं बाजूला झाले आणि टीम नायडूंकडे आली. म्हणजे त्या दौऱ्यात कागदावरचा कॅप्टन एक आणि मैदानावरचा दुसरा. जुने लोक अजून 'कर्नल सीके'च म्हणतात, कप्तान कोणी म्हणत नाही.

भाच्याचं काम विचाराल तर हॉटेलातला कॅप्टन स्टुअर्डच्या, म्हणजे वेटरच्या वर आणि मॅनेजरच्या खाली. कोणतं टेबल कोणत्या पोराकडे ते तो ठरवतो, ऑर्डर घेतो, केओटी, म्हणजे ऑर्डरची चिठ्ठी, किचनमधे पाठवतो, आणि सात नंबरच्या टेबलावर पनीर थंड आलं की बोलणी त्यालाच, शेफला नाही. शनिवारी रात्री आठ-आठ तास उभं राहून हसरा चेहरा ठेवायचा, फौजेपेक्षा फार सोपं आहे असं काही नाही बरं का.

काकांना एकदा तिथेच जेवायला घेऊन जा. ऑर्डर भाच्यालाच घेऊ द्या, पोस्टिंग आपोआप कळेल.