अर्ज भरण्याआधी

प्रिय बाळ,

परवा फोनवर तू घाईत होतीस. मागे कुणीतरी पेटीवर सूर धरून बसलं होतं, म्हणून मीही आवरतं घेतलं. ग्रामपंचायतीतला तुझा वॉर्ड महिलांसाठी राखीव झाला, पॅनेलला उमेदवार हवा आणि तुझा आवाज अख्ख्या गावाच्या ओळखीचा, म्हणून मंडळी तुझ्या दारात आली. इथवर मला काही वावगं वाटत नाही. पण "भारुडाच्या चालीवर प्रचाराचं एक गाणं बांधून दे" ही त्यांची दुसरी मागणी ऐकून तू अडलीस. तुझं ते अडणं मला मोलाचं वाटलं. त्याच्यासाठी हे पत्र.

अमेरिकेतल्या न्यू मेक्सिको राज्यात मी नोकरीच्या निमित्ताने सतरा वर्षं काढली, हे तुला माहीत आहे. तिथला एक गाणारा माणूस राजकारणात गेला आणि बराच वरपर्यंत पोचला. रोबेर्तो मोंद्रागोन त्याचं नाव. माझी त्याची कधी भेट झाली नाही. पण त्याचा विचार मी पुष्कळ केला आहे, आणि तुझा फोन ठेवल्यावर पहिल्यांदा तोच आठवला.

आधी त्याची माणसं कोण ते सांगतो. उत्तर न्यू मेक्सिकोतल्या जुन्या स्पॅनिशभाषक लोकांना हिस्पानो म्हणतात. ते कुठून पोटासाठी अमेरिकेत आलेले नाहीत. त्यांचे पूर्वज १५९८ पासून त्या खोऱ्यांत वस्ती करून होते. १८४८ साली ग्वादालुपे इदाल्गोचा तह झाला आणि मेक्सिकोचा तो मुलूख अमेरिकेकडे गेला. माणसं आपापल्या शेतातच होती, देश बदलला. मोंद्रागोन त्यांच्यातला, १९४० चा जन्म, पेकोस नदीकाठच्या आंतोन चिकोजवळचं ला लोमा हे त्याचं गाव.

त्या भागात शेतीचं पाणी आसेकियांतून येतं. आसेकिया म्हणजे नदीतून काढलेला सामाईक पाट. आपल्या खानदेशातली फड पद्धत तू पाहिली आहेस, तिची ही सख्खी बहीण शोभेल. दर वसंतात पाट उपसायचा दिवस ठरतो. ज्याचं पाणी आहे त्याने फावडं घेऊन यायचं, नाहीतर बदली माणूस पाठवायचा. मायोर्दोमो, म्हणजे निवडून दिलेला पाटकरी, काठाने चालत प्रत्येकाच्या वाट्याचा तुकडा मापून देतो. मी एकदा एका सहकाऱ्याच्या जागी गेलो होतो. दुपारपर्यंत तळहाताला फोड आले. माझ्या डाव्या बाजूचा म्हातारा गाळ उपसता उपसता गुणगुणत होता, आणि तीच ओळ उजव्या बाजूच्या पोराने उचलली होती. तिथलं राजकारण या पाटावर सुरू होतं. कुणाचं पाणी कधी, कुणी दांडी मारली, पुढच्या साली पाटकरी कोण. तुझ्या वॉर्डातल्या नळाच्या भांडणापेक्षा यात वेगळं काही नाही.

आता गाण्याचं सांगतो.

तिथल्या लग्नात 'एन्त्रिएगा' नावाचा एक विधी असतो. आपल्या मंगलाष्टका आणि पाठवणी एकत्र केली तर जे होईल तसं काहीसं. जेवणं उरकल्यावर हॉलच्या मधोमध एक कापड अंथरतात, नवराबायको त्यावर गुडघे टेकतात, आणि गिटारवाला एकामागून एक कडवी गातो. आधी नवरीला, मग नवऱ्याला, मग धर्माच्या आईबापांना, मग दोन्हीकडच्या सख्ख्या आईबापांना. चाल ठरलेली, शब्द त्या त्या घराप्रमाणे जुळवलेले. मी गेलो होतो त्या लग्नात नवरीच्या दोन काकांचं काउंटीच्या निवडणुकीवरून वर्षभर बोलणं बंद होतं. आशीर्वाद द्यायला दोघं एकाच रांगेत उभे राहिले, कारण गाणाऱ्याने दोघांना एकाच कडव्यात घेतलं होतं. माझ्या शेजारची बाई मला हळूच म्हणाली, याला आम्ही म्हणूनच बोलावतो. त्या गाणाऱ्याचा गळा फारसा गोड नव्हता. पण गावातल्या कुठल्याही घरी जाऊन तो हे करू शकत होता, कारण कुठल्याच घराने त्याला दुसऱ्या घराचा मानलं नव्हतं.

गाणाऱ्याला गाव कान देतं ते या जोरावर. पॅनेलवाल्यांना तुझ्याकडून नेमकं तेच हवं आहे.

मोंद्रागोन १९६७ साली राज्याच्या प्रतिनिधिगृहात बसला. त्या विधिमंडळातल्या सभासदांना आजही पगार नाही, फक्त अधिवेशनाच्या दिवसांचा भत्ता मिळतो. अधिवेशनही एका वर्षी ६० दिवसांचं, दुसऱ्या वर्षी ३० दिवसांचं, म्हणजे प्रत्येकाला पोटापाण्याचं दुसरं काम हवंच. त्याच १९६७ च्या ५ जूनला तिएर्रा आमारिया गावच्या कोर्टावर रेइयेस लोपेस तिहेरिनाचे लोक शस्त्रं घेऊन चालून गेले. तहाने ज्यांची हमी दिली होती त्या जुन्या जमिनींच्या सनदा हातातून गेल्या, हा त्यांचा राग. सरकारने रणगाड्यांसह नॅशनल गार्ड पाठवलं. या घटनेवर आल्बुकर्कीच्या रोबेर्तो मार्तीनेस यांनी कोरीदो रचला आणि आपल्या 'लोस रेइयेस दे आल्बुकर्की' या ताफ्यासह गायला. कोरीदो म्हणजे त्यांचा पोवाडा. जे घडलं ते सांगायचं आणि कुणाच्या बाजूने सांगतोय ते लपवायचं नाही. पोवाड्याने बाजू घेतली तर मला काहीच गैर वाटत नाही. पाण्यासाठी, जमिनीसाठी, शाळेसाठी तू उद्या गाणं बांधलंस आणि त्यात सत्तेत असलेल्यांना झोडपलंस, तर मी टाळ घेऊन मागे उभा राहीन. पण एका नावाला मत द्या म्हणून गाणं बांधणं ही वेगळी गोष्ट आहे. पहिल्या गाण्यात प्रश्न उभा राहतो, दुसऱ्यात फक्त उमेदवार.

१९७१ मध्ये मोंद्रागोन लेफ्टनंट गव्हर्नर झाला. अमेरिकेतला गव्हर्नर म्हणजे आपल्या मुख्यमंत्र्यासारखा, फक्त तो थेट लोकांच्या मतांवर निवडून येतो, आणि हा त्याच्या खालोखालचा. राज्याच्या सिनेटचं अध्यक्षपदही त्याच्याकडेच असतं. त्या वर्षी राज्याला स्पॅनिश राज्यगीत मिळालं. इंग्रजी गीत १९१७ पासून होतंच, एलिझाबेथ गॅरेट या अंध गायिकेने रचलेलं. स्पॅनिश गीत आमादेओ लुसेरो यांचं, 'आसी एस नुएवो मेहिको', म्हणजे 'असा आहे आमचा न्यू मेक्सिको'. ते विधिमंडळापुढे ठेवायचं होतं. मोंद्रागोनने त्यावर भाषण केलं नाही. गिटार घेतली आणि भरल्या सभागृहापुढे स्वतः वाजवत ते गाऊन दाखवलं.

या एका प्रसंगापाशी मी पुन्हा पुन्हा येतो. ज्या पिढीला शाळेच्या आवारात स्पॅनिश बोललं म्हणून मार बसला, तिच्यातले कितीतरी लोक तेव्हा पन्नाशीच्या आतबाहेर असतील. १९१२ च्या राज्यघटनेत स्पॅनिश वंशाच्या मुलांना संरक्षण होतं, शिक्षकांना दोन्ही भाषा शिकवायची तरतूद होती, पण ते कागदावर. आणि आता राज्याचा दुसऱ्या क्रमांकाचा माणूस, जिथे कायदे होतात तिथे, घरातल्या भाषेत गात होता. गीत लुसेरोचं, मान राज्याचा. गाणाऱ्याला स्वतःसाठी त्यात काही मागायचं नव्हतं. दोनच वर्षांनी, १९७३ मध्ये, त्या राज्याने शाळांत दोन भाषांतून शिकवण्याचा कायदा केला. एका गाण्याने कायदा होत नाही, आणि मी तसं म्हणणारही नाही. पण ज्या भाषेत सभागृहात गाता येतं, ती भाषा वर्गात नको असं म्हणताना जीभ जरा अडखळत असेल. आपलं 'जय जय महाराष्ट्र माझा' राज्यगीत झालं ते २०२३ साली. तेव्हा टीव्हीसमोर तुझे डोळे का भरून आले होते ते आठव, म्हणजे मी काय म्हणतोय ते कळेल.

तो त्या पदावर दोनदा होता, १९७१ ते ७५ आणि १९७९ ते ८३, आणि दोन्ही वेळा गव्हर्नर होता ब्रूस किंग. पुढचा भाग अवघड आहे आणि तू तो वगळू नयेस. १९८२ मध्ये संसदेच्या जागेसाठी त्याने आपल्या डेमोक्रॅटिक पक्षाची उमेदवारी मागितली. ती बिल रिचर्डसनला गेली. मग १९९४ मध्ये त्याने जन्माचा पक्ष सोडला आणि ग्रीन पार्टीकडून थेट गव्हर्नरपदासाठी उभा राहिला, आपल्याच जुन्या जोडीदाराविरुद्ध, ब्रूस किंगविरुद्ध. त्याला सुमारे १० टक्के मतं पडली. किंगला ४० च्या आसपास. रिपब्लिकन गॅरी जॉन्सन पन्नाशीला थोडी कमी पडलेली मतं घेऊन निवडून आला.

तो चुकला का? माझ्या तिथल्या ओळखीच्यांत यावर दोन तट होते. एक म्हणे, याने मतं फोडली. दुसरा म्हणे, ज्यांना कुणी विचारत नव्हतं अशांना पहिल्यांदा कुणीतरी मिळालं, आणि त्या १० टक्क्यांच्या बळावर त्या छोट्या पक्षाला राज्यात मोठ्या पक्षाचा दर्जाही मिळाला. मी बरीच वर्षं पहिल्या बाजूचा होतो. आता वाटतं, त्याने उभं राहणं बरोबर होतं, पण त्याची किंमत त्याच्या जवळच्या माणसांनीही मोजली, आणि हे त्याला आधीच माहीत असणार. तू उभी राहिलीस तर कुणाचं तरी मत तुझ्यामुळे फिरेल, कुणीतरी तुझ्यामुळे पडेल. तो माणूस कदाचित तुझ्या मंडळात मृदंग वाजवणारा असेल. हे आज मनाशी नीट बोलून घे.

पद गेल्यावरही मोंद्रागोनजवळ करायला काम होतं. त्याने स्पॅनिश गाणी ध्वनिमुद्रित केली, आणि 'आस्पेक्तोस कुल्तुरालेस' नावाच्या सांता फेच्या छोट्या संस्थेतर्फे शाळकरी मुलांसाठी दोन भाषांतलं साहित्य तयार करण्यात तो रमला. त्याला पुन्हा शून्यातून सुरुवात करावी लागली नाही.

आता अगदी तुझ्या मापाचं एक उदाहरण देतो. टाओस हे डोंगरातलं गाव, वस्ती सहा-साडेसहा हजारांची. २०१० ते २०१४ तिथला महापौर होता डॅरेन कोर्डोवा. त्या भागात नाचाच्या कार्यक्रमांना ज्याचा बँड बोलावतात असा गायक. टाओसच्या खोऱ्यातल्या पाण्याचा खटला १९६९ पासून चालू होता. एकीकडे टाओस प्वेब्लो या आदिवासी वस्तीचे मूळ रहिवासी, दुसरीकडे पन्नासहून जास्त आसेकिया, तिसरीकडे खुद्द गाव. २०१० च्या शेवटी तडजोडीला अमेरिकन संसदेची मान्यता मिळाली आणि पुढची अंमलबजावणी सुरू झाली. गावच्या महापौराच्या टेबलावर या गोष्टी येतात: मीटर, विहिरी, कोणी किती पाणी उपसायचं. तिथे चाल कामाला येत नाही, फाइल वाचावी लागते. ग्रामपंचायतीत गेलीस तर पहिले सहा महिने पाणीपट्टीचं रजिस्टर आणि ग्रामसभेची इतिवृत्तं वाच. ग्रामसेवकाला दहा वेळा विचारावं लागलं तरी लाजू नकोस. तुझ्या आवाजासाठी लोक टाळ्या वाजवतील, पण गटार त्याने वाहणार नाही.

माझी एक जखम सांगतो. तुझ्या वडिलांना ती माहीत आहे, तुला नसेल. विशीत मी भजनी मंडळात तबल्याला होतो. एका साखर कारखान्याच्या निवडणुकीत एका पॅनेलने आमच्या मंडळाला ट्रॅक्टरवर बसवून गावोगाव फिरवलं. गवळणीच्या चालीवर त्यांचे शब्द. आम्हाला गंमत वाटली, रोजचे पैसेही मिळाले. पॅनेल निवडून आलं. त्या वर्षीच्या माघात दुसऱ्या पॅनेलमधल्या एका घरातले आजोबा गेले. बत्तीस वर्षं त्यांच्या घरी आमच्या मंडळाचं एकादशीचं भजन होत होतं. टाळांची पिशवीसुद्धा त्यांच्याच फडताळात असायची. दहाव्या दिवशी त्यांचा धाकटा मुलगा ती पिशवी घेऊन आमच्या ओट्यावर आला, ठेवली, आणि म्हणाला, "तेराव्याला बाहेरचं मंडळ सांगितलंय." आवाज चढवला नाही त्याने. मी पिशवी उघडली तर टाळ नव्या दोरीत ओवलेले होते. आजोबांनी जाण्यापूर्वी ओवून ठेवले असणार. ती गवळण मी त्यानंतर कधी वाजवली नाही.

म्हणून माझं सांगणं असं. उभं राहायचं तर राहा, तुझ्यासारखी मुलगी तिथे असावी असं मला मनापासून वाटतं. पण पॅनेलला सांग की प्रचारात मी बोलेन, दारोदार फिरेन, पत्रकं वाटेन, गाणार नाही. ते म्हणतील, मग तुला घेतलं कशाला. तसं म्हणाले तर आताच कळलं ते बरं, आणि अपक्ष अर्जाची तारीख अजून गेलेली नाही. शब्द तुझे, चाल तुझी, आणि विषय वरच्या टाकीतून खालच्या आळीला न येणारं पाणी असेल, तर ते गाणं खुशाल बांध. निवडणुकीच्या आधीही गा आणि नंतरही, पॅनेल कुठलंही येवो.

वरच्या आळीतल्या तुझ्या विरोधात उभं राहणार असलेल्या ताईंकडे या एकादशीला तुमचं भजन आहे, असं तू मागे म्हणाली होतीस. रद्द करू नकोस. कुणी काही बोललं तरी जा. पेटीचा भाता गळतोय, परवा फोनवरही ऐकू येत होतं. तेवढा शनिवारच्या आत चिकटवून घे.

तुझा,
काका