‘पास’ शिकण्याआधी काय शिकावे?

प्रेक्षकाने पाहून गड्डीत परत ठेवलेला पत्ता कोणाच्या नकळत वर आणण्यासाठी थेट ‘पास’ (गड्डीचे वरचे-खालचे भाग गुपचूप पालटण्याची चाल) शिकावा का आणि त्याला किती दिवस लागतात, असे आपण विचारले आहे. मी इंदूरला हौसेने पत्त्यांची जादू करतो. माझ्या मते पासपासून सुरुवात करू नये. पत्ते पिसता पिसता तेच काम साधण्याची रीत आधी पक्की करावी.

निवडलेला पत्ता डाव्या हातातील अर्ध्या गड्डीवर ठेवून घ्यावा. उजव्या हातातील पत्ते त्यावर पिसताना पहिला एकच पत्ता आपल्या अंगाकडे सुमारे एक सेंटिमीटर सरकलेला राहील असा सोडावा आणि बाकीचे त्यावर किंचित विस्कळीत पडू द्यावेत, म्हणजे ती कड झाकली जाते. मग उजव्या अंगठ्याने ती कड चाचपून तिच्याखालचे सगळे पत्ते एकगठ्ठा काढून वर टाकले की निवडलेला पत्ता सर्वांत वर येतो. रोज अर्धा तास दिल्यास महिनाभरात हात बसतो.

पास मात्र मला आठ महिने पुरला. त्यात निवडलेल्या पत्त्यावर करंगळीने फट धरून गड्डीचे वरचे-खालचे भाग उजव्या हाताच्या आडोशाने पालटायचे असतात. आरशासमोर सराव करताना नेमक्या त्या क्षणी आपल्याच पापण्या मिटतात आणि चाल बिनचूक झाल्याचा भास होतो. म्हणून मोबाइलवर चित्रण करून पाहावे. वेगाच्या मागे लागू नये. गणेशोत्सवात सोसायटीतल्या मुलांसमोर मी पत्ता परत येताच घाईने पास केला आणि पकडला गेलो, कारण तेव्हा सगळ्यांचे डोळे माझ्या हातांवरच होते. आता मी थांबतो, समोरच्याकडे पाहून “पत्ता लक्षात आहे ना?” असे विचारतो आणि तो मान वर करतो तेवढ्यात काम उरकतो.

ही चाल मूळची जुगाऱ्यांची आहे. दुसऱ्याने गड्डी काटल्यावर ती पूर्ववत करण्यासाठी ते ती वापरत, आणि १९०२ साली अर्डनेस या टोपणनावाने लिहिणाऱ्या लेखकाने तिचे ‘शिफ्ट’ या नावाने तपशीलवार वर्णन केले. त्यामुळे दिवाळीत घरी तीन पत्तीचा डाव मांडला, तर मी पत्ते वाटत नाही, पिसतही नाही. आपणही हे पथ्य पहिल्या दिवसापासून पाळावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे.