ट्रॉलीचं पासिंग: घेण्याआधीच बघ

भावा, ट्रॅक्टरची ट्रॉली घ्यायच्या आधीच तिच्या पासिंगचं, म्हणजे आरटीओतल्या नोंदणीचं, विचारलंस ते बरं केलंस. गावातल्या वर्कशॉपची ट्रॉली स्वस्त पडते, पण बनवणाऱ्याकडे मॉडेलची मंजुरी नसेल तर आरटीओत तिचं पासिंग होत नाही. म्हणून इसार देण्याआधी फॉर्म २१ (विक्रीचा दाखला) आणि २२ (ट्रॉली रस्त्यावर चालवण्याजोगी असल्याचा बनवणाऱ्याचा दाखला) मिळणार का ते विचार. 'नंतर बघू' म्हणाला तर सरळ उठून ये. फॉर्म २० म्हणजे नोंदणीसाठीचा तुझा अर्ज.

चेसिस नंबर, म्हणजे ट्रॉलीच्या सांगाड्यावरचा नंबर, नीट ठोकलेला हवा. त्यावर कागद धरून पेन्सिल घासायची, उमटलेला ठसा अर्जाला लागतो. रंगाचा थर जाड असेल तर आकडे उठत नाहीत, आधी रंग खरवडून घे.

ट्रॉलीला स्वतंत्र नंबर मिळतो, तो बाजूला लिहायचा. मागे मात्र ट्रॅक्टरचा नंबर. दोन ट्रॉल्या जोडल्या तर शेवटच्या ट्रॉलीवर. हे निम्म्या लोकांना माहीतच नसतं.

विम्यात ट्रॉलीचा वेगळा उल्लेख करून घे. ट्रॅक्टरच्या पॉलिसीत ती आपोआप येते असं धरून चालू नको. कारखान्याला ऊस किंवा दुसऱ्याचा माल भाड्याने ओढणार असशील तर ते नोंदणीच्या अर्जातच सांग, शेतीवापराची नोंद तिथे चालत नाही. रिफ्लेक्टर पट्ट्या तर हव्यातच.