मणिपूरमधील कथाकथनाच्या परंपरा कोणत्या आणि आज त्या कोणत्या रूपात आढळतात?

आपल्या प्रश्नाचे उत्तर एका शब्दापासून सुरू करतो. ‘वारी’ म्हटले की आपल्याला पंढरपूर आठवते. मणिपूरच्या मैतेई भाषेत मात्र ‘वारी’ म्हणजे गोष्ट. ‘फुंगा वारी’ ही चुलीपाशी बसून मुलांना सांगायची गोष्ट, तर ‘वारी लीबा’ ही मंडपात बसून, वाद्याच्या साथीशिवाय, महाभारत-रामायणातील प्रसंग एकट्याच्या आवाजावर उभे करण्याची कला. पेना या गजाने वाजवायच्या एकतारी वाद्यावर मोइरांगच्या खंबा-थोइबीची प्रेमकथा गातात.

मला सर्वांत हेलावून टाकते ते खोंगजोम पर्व, म्हणजे तालावर गायची युद्धकथा. 1891 च्या एप्रिलमध्ये खोंगजोम येथे ब्रिटिशांशी लढताना मणिपुरी सेनानी पाओना ब्रजबासी आणि त्यांचे सोबती धारातीर्थी पडले. या लढाईचे गाणे प्रथम धोबी लैनौ यांनी पत्र्याच्या डब्यावर ताल धरून गायले, असे मानले जाते. डब्याची जागा पुढे ढोलकाने घेतली. पानिपतावर जसे पोवाडे रचले गेले, तसे येथेही पराभवाचेच गाणे झाले आणि ते लोकांनी जपले.

आजच्या रूपांपैकी ‘शुमांग लीला’ सर्वांत लोकाभिमुख आहे. शुमांग म्हणजे अंगण. प्रेक्षक चहूबाजूंनी बसतात, नेपथ्य जवळजवळ नसतेच, आणि पुरुषांच्या मंडळ्यांत स्त्रीभूमिकाही पुरुषच करतात. विषय मात्र अगदी आजचे असतात.

परंतु जुन्या गोष्टीचे नव्या रूपात काय होऊ शकते, हे पाहायचे असेल तर मणिपुरी दिग्दर्शक हैस्नाम कन्हैयालाल यांचे ‘पेबेत’ (1975) हे नाटक पाहावे. मूळ फुंगा वारीत पेबेत नावाची इवलीशी पक्षीण मांजराची खोटी स्तुती करत वेळ काढते, आणि पिलांच्या पंखांत बळ आल्यावरच खरे बोलते. चिडलेले मांजर धाकट्या पिलाला पकडते, तेव्हा त्याला धुऊन, उन्हात वाळवून मग खा, असे सुचवून ती तेही सोडवते. कन्हैयालाल यांनी या बालकथेत बाहेरून लादल्या गेलेल्या संस्कृतीचा प्रश्न पाहिला: नाटकातील मांजर पिलांना आपलेसे करून आईविरुद्धच उभे करते. ही ओढाताण त्यांनी शब्दांपेक्षा देहाच्या हालचालींतून आणि ध्वनीतून मांडली, आणि सावित्री हैस्नाम यांनी त्यातील आई साकारली. माझ्या मते मूळ गोष्टीशी हे नाटक प्रामाणिकच आहे, कारण दुबळ्याने बलवानासमोर कसे तगून राहावे हाच तिचाही विषय होता. संवाद इतके थोडे आहेत, की मैतेई न समजणाऱ्या प्रेक्षकालाही आईची तगमग कळते. मूळ गोष्ट तेवढी आधी वाचून ठेवावी.