साडूंच्या मुलाची कंपनी आणि निवृत्तीचे दहा लाख

सांगलीच्या विश्रामबागेतून एका निवृत्त मुख्याध्यापकांनी विचारलं आहे: साडूंच्या मुलाची बायोटेक कंपनी तीन वर्षांची आहे, द्राक्षावरच्या भुरी रोगासाठी जैविक औषध बनवते. दहा लाखांना एक टक्का शेअर देतोय. उत्पन्न एका वर्षात १९ लाखांवरून ४८ लाखांवर गेलंय. द्यावेत का?

सर, पाठवलेल्या हिशेबाची तुम्ही वरचीच ओळ वाचलीत. ४८ लाख हे एकूण उत्पन्न. खालची टीप बघा, त्यातले ४१ लाख 'इतर उत्पन्न' आहे, म्हणजे बायरॅकचं, बायोटेक उद्योगांना मदत करणाऱ्या केंद्राच्या संस्थेचं, सरकारी अनुदान. अनुदान मिळालं याचा अर्थ जाणकारांनी कल्पना तपासली, तेवढं श्रेय मुलाला द्याच. पण बायरॅकच्या 'बिग' या अनुदान योजनेत फार तर ५० लाख मिळतात, तेही हप्त्याहप्त्यानं, आणि ते दरवर्षी येत नाहीत. औषधाची विक्री उरली ७ लाख. त्यातले ५ लाख येणं बाकी! तासगावच्या दुकानात उधारीवर ठेवलेला माल हंगाम सरल्यावर परत आला, तर ही विक्रीही कागदावरच राहील.

तोट्याला मी नावं ठेवत नाही. या वयाची बायोटेक कंपनी तोट्यातच असते. मला खटकतात ते 'इंटँजिबल ॲसेट्स अंडर डेव्हलपमेंट', म्हणजे अजून तयार होत असलेली अमूर्त मालमत्ता, या नावाखालचे २२ लाख. संशोधनाचा खर्च त्याच वर्षी खर्ची टाकावा लागतो. विकासाचा खर्च मालमत्तेत धरता येतो, पण अटी पुऱ्या झाल्या तरच. पगार आणि लॅबची बिलं तिकडे सरकवली की तोटा आपोआप कमी दिसतो. यात काय काय धरलंय, ते त्यांच्या सीएला विचारा.

आता रोकड. बँकेत २१ लाख, महिन्याचा खर्च ६ लाख, म्हणजे साडेतीन महिने. तुमच्या दहा लाखांनी त्यात पावणेदोन महिन्यांचीही भर पडत नाही. तेवढ्यात काय पदरात पडणार? भुरी आटोक्यात आणतो असं सांगून औषध विकायचं तर १९६८ च्या कीटकनाशक कायद्याखाली केंद्राची नोंदणी लागते. ती झालीय, अर्ज गेलाय, की अजून प्लॉटवर चाचण्याच चालल्यात? तात्पुरती असेल तर मुदत बघा. नोंदणीच नसताना ते ७ लाख आले असतील, तर विषय तिथेच संपवा.

शिवाय एक टक्क्याला दहा लाख म्हणजे कंपनीची किंमत दहा कोटी झाली. कुणी ठरवली? नोंदणीकृत मूल्यांककाचा अहवाल मागा. कंपनीनं सरकारदरबारी भरलेले आधीचे हिशेब एमसीएच्या, म्हणजे केंद्राच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या, पोर्टलवर १०० रुपये भरून बघता येतात. घरातल्या घरात मागायला अवघड वाटत असेल तर तिथून काढा.

माझं मत: दहा लाख देऊ नका. नोंदणीचा कागद बघितल्यावर वाटलंच तर दोन लाख, आणि तेही परत येतील असं धरू नका, कारण हे शेअर विकायला बाजार नाही. देताना शेअर देऊ केल्याचं तुमच्या नावाचं ऑफर लेटर घ्या, पैसे तुमच्याच बँक खात्यातून कंपनीच्या खात्यात जाऊ द्यात आणि ६० दिवसांत शेअर नावावर झाले का ते बघा. साडूंच्या हातात रोख देऊ नका.